मदत हवी आहे : ढगाळ दिवशी घटिकापात्राची मोजणी कुठून सुरू करायची?

पेशवाईतल्या पुण्यावर दीर्घकथा लिहितेय. नायक कालविद्येचे अभ्यासक शास्त्रीबुवा, पूर्ण काल्पनिक. त्यांची विद्या फक्त घटिकापात्र (वेळ मोजायची पाण्यावरची वाटी) तरंगत असेपर्यंत चालते. वाटी बुडाली की काळ पुन्हा सगळ्यांचा. जादू माझी, पण घड्याळ खरं हवं. नाहीतर पुणेकर वाचक सोडणार आहेत का!

जमवलंय ते असं. भोकाची तांब्याची वाटी घंगाळातल्या पाण्यावर सोडायची, ती २४ मिनिटांत, म्हणजे एका घटिकेत, बुडते. अहोरात्राच्या ६० घटिका, घटिकेची ६० पळं. मोजणी सूर्योदयापासून. पुण्यात जूनअखेरचा दिवस साधारण ३३ घटिकांचा, डिसेंबरअखेरचा साडेसत्तावीस. तांबट आळीतून वाटी करून आणली आणि मोबाइलवर वेळ लावून पाहिली. पाणी गाळून घेतलं नाही तर भोकात कचरा अडकून वाटी रेंगाळते (हा प्रसंग कथेत घेणारच). लग्नाच्या मुहूर्ताची माहिती नको, ती भरपूर मिळाली. वाळूचं किंवा विलायती घड्याळही कथेत आणायचं नाही.

अडलंय ते आषाढात. आठवडाभर सूर्य दिसत नाही, रात्री नक्षत्रंही नाहीत. वाटी बदलायला पळापळाचा उशीर झाला तरी चूक साठतच जाणार. अशा वेळी आदल्या दिवसाची मोजणी ६० पर्यंत नेऊन तोच सूर्योदय धरत, की नुसतं फटफटल्यावर नव्याने पहिली वाटी सोडत?