फोरआर्म-रिस्ट फ्रॅक्चर: सातवं अक्षर जी की डी? सल्ला हवा

प्राजक्ता_बीपीटी
फिजिओथेरपी करून मेडिकल कोडिंगमध्ये आलेय. पुण्यात बसून अमेरिकेतल्या क्लिनिकचे चार्ट बघते. आत्ताच ऑर्थो ओपीडी मिळालंय. समोरचा चार्ट: ६८ वर्षांच्या बाई, स्वयंपाकघरात पाय घसरून पडल्या, उजवा कोलिस (मनगटाजवळ रेडियस हाड मोडणं), क्लोज्ड (त्वचा न फाटलेलं). चौथा महिना चालू आहे. डॉक्टरांची नोट (कॅलस म्हणजे मोडलेल्या जागी बनणारं नवं हाड): 'कॅलस कमी, दुखणं आहे, स्प्लिंट चालू ठेवा, सहा आठवड्यांनी एक्स-रे.' जुन्या आजारांत ऑस्टिओपोरोसिस (हाडं ठिसूळ होणं), औषधांत त्यावरची गोळी अ‍ॅलेन्ड्रोनेट. मी आयसीडी-१०-सीएम (अमेरिकेतली निदानांच्या कोडची यादी) मधला एस५२.५३१जी धरतेय. फॉलोअपला शेवटचं सातवं अक्षर जी म्हणजे हाड जुळायला उशीर (डिलेड हीलिंग), डी म्हणजे नेहमीसारखं जुळणं (रूटीन हीलिंग). चौथ्या महिन्यात कॅलस कमी म्हणजे डिलेड हीलिंगच ना? आणि हे सगळं नीट शिकायला काय वाचू?

निशाचर_कोडर
फिजिओचं डोकं जरा बाजूला ठेवा. 'कॅलस कमी' हे निरीक्षण झालं, निदान नाही. डॉक्टरांनी डिलेड हीलिंग किंवा डिलेड युनियन लिहिलं तरच जी. नाहीतर क्वेरी (डॉक्टरांना लेखी प्रश्न) पाठवा. पण 'डिलेड हीलिंग आहे ना?' असं विचारायचं नाही, ते डॉक्टरांच्या तोंडात उत्तर कोंबणं झालं. नोटमधली वाक्यं जशीच्या तशी द्या आणि पर्याय ठेवा: रूटीन हीलिंग, डिलेड हीलिंग, नॉनयुनियन (हाड न जुळणं), इतर, सांगता येत नाही.

रेडिओलॉजिस्टने 'सजेस्टिव्ह ऑफ डिलेड युनियन' लिहिलं असलं तरी भुलू नका. ओपीडीत 'सजेस्टिव्ह', 'प्रॉबेबल' वगैरेवर कोड लागत नाही.

मीनाताई_नागपूर
अगं, जी-डीच्या आधी कोडच तपास. ऑस्टिओपोरोसिस माहीत असलेली बाई उभ्या उभ्या पडली. गाइडलाइन सांगते की ज्या पडण्याने एरवी धडधाकट हाड मोडलं नसतं, तिथे ट्रॉमाचा (इजेचा) एस कोड नाही, ऑस्टिओपोरोसिसमुळे झालेल्या फ्रॅक्चरचा एम८० घ्यायचा. वयामुळे आलेला ऑस्टिओपोरोसिस, उजवा फोरआर्म म्हणजे एम८०.०३१, पुढे तेच सातवं अक्षर. मात्र ऑस्टिओपोरोसिस चालू आहे की नुसती जुन्या यादीतून उतरलेली ओळ आहे, ते त्याच क्वेरीत विचारून घे. गोळीवरून आजार धरायचा नाही.

प्राजक्ता_बीपीटी
बापरे, मी इतका वेळ नुसत्या अक्षरावरच अडले होते! ताई, एस५२ (फोरआर्म) आणि एस६२ (मनगट-हात) ची अक्षरं वेगळी का दिसतात?

मीनाताई_नागपूर
एस५२ मध्ये ओपन (त्वचा फाटलेल्या) फ्रॅक्चरची गस्टिलो टाइप (जखम किती गंभीर ते) अक्षरातच येते. क्लोज्ड डिलेड जी, ओपन टाइप एक-दोन एच, टाइप तीन जे. नॉनयुनियनला के, एम, एन. मालयुनियनला (वाकडं जुळणं) पी, क्यू, आर. एस६२ मध्ये ही फोड नाही: ए, बी (सुरुवातीचे उपचार, क्लोज्ड आणि ओपन), डी, जी, के, पी, एस (मागाहूनचे परिणाम), संपलं. त्यामुळे स्कॅफॉइडला (मनगटातलं एक कार्पल हाड) एच लावलास तर कोडच अवैध. आणि पेशंट 'मनगट मोडलं' म्हणाला तरी रेडियसचं खालचं टोक एस५२ मध्येच, एस६२ कार्पल आणि हाताच्या हाडांना.

स्कॅफॉइडला रक्त दूरच्या टोकाकडून येतं, म्हणून मधला भाग आणि जवळचा पोल जुळायला रेंगाळतात. तिथे जी आणि के सारखे भेटतील तुला.

निशाचर_कोडर
एक भर. नॉनयुनियनच्या ऑपरेशनला बरेच जण ए लावतात, 'अ‍ॅक्टिव्ह ट्रीटमेंट' आहे म्हणून. तिथेही के-एम-एनच. ए फक्त तेव्हा, जेव्हा पेशंट उपचारालाच उशिरा आला असेल. पडण्याच्या डब्ल्यू कोडला जी नसतोच, तिथे डी. आणि या फॉलोअपला झेड कोडचं आफ्टरकेअर (उपचारानंतरची देखभाल) जोडू नका.

कागदीघोडे
वाचायचं म्हणाल तर पुस्तक विकत घेण्याआधी अधिकृत गाइडलाइनची पीडीएफ घ्या, सीडीसीच्या (अमेरिकेची सरकारी आरोग्य संस्था) साइटवर फुकट मिळते. दर १ ऑक्टोबरला नवी येते, व्हॉट्सअ‍ॅपवर फिरणारी जुनी उघडू नका. प्रकरण १९ मधला फ्रॅक्चरचा भाग आणि प्रकरण १३ मधला ऑस्टिओपोरोसिसचा, दोन्ही शेजारी ठेवून वाचा. मग टॅब्युलर लिस्टमध्ये (कोडची क्रमवार यादी) एस५२ च्या डोक्यावरच्या टिपा. डिस्प्लेस्ड (हाडाचे तुकडे सरकलेले) की नाही हे लिहिलं नसेल तर डिस्प्लेस्ड धरा, ओपन-क्लोज्ड लिहिलं नसेल तर क्लोज्ड, हे तिथेच आहे. क्लासवाल्यांच्या पन्नास पानी नोट्सपेक्षा ती दोन पानं बरी.

प्राजक्ता_बीपीटी
क्वेरी टाकली, दोन्ही प्रश्न एकातच. उत्तर येईपर्यंत चार्ट होल्डवर. टीम लीडला टर्नअराउंडची घाई आहे, पण तिला गाइडलाइनचं पान दाखवलं तर गप्प बसली.