ओस्लोचे रेमंड योहान्सेन: देशाच्या सत्तेतून शहराकडे?

धरमपेठकर: नगरसेवक, महापौर, आमदार आणि मग मुख्यमंत्री, ही चढती कमान आपण नागपूरकरांनी देवेंद्र फडणवीसांच्या रूपाने पाहिली आहे. नॉर्वेच्या मजूर पक्षाचे रेमंड योहान्सेन मात्र परराष्ट्र मंत्रालयात राज्य सचिव (मंत्र्याच्या हाताखालचे राजकीय पद) आणि २००९ पासून पक्षाचे सचिव राहिल्यानंतर २०१५ मध्ये ओस्लोच्या शहर सरकारचे प्रमुख झाले. तिकडे याला पायउतार होणे समजत नाहीत का?

महालवासी: मुळीच नाही. ओस्लोत १९८६ पासून संसदीय पद्धतीचे शहर सरकार आहे; त्याचा प्रमुख निर्वाचित सभागृहाच्या विश्वासावर टिकतो आणि खातेप्रमुख सहकाऱ्यांसह प्रत्यक्ष कारभार चालवतो, तर महापौर ही स्वतंत्र व्यक्ती असून सभागृहाचे अध्यक्षपद आणि मानाचे कार्यक्रम तिच्याकडे असतात. आपल्याकडे प्रशासनाची सूत्रे राज्याने नेमलेल्या आयुक्तांच्या हाती असतात, म्हणूनच महापौरपद आपल्याला केवळ एक पायरी वाटते.

धरमपेठकर: आभारी आहे. त्यांची पार्श्वभूमी काय?

सदरकर: व्यवसायाने प्लंबर, ही मला सर्वांत बोलकी बाब वाटते. सुरुवात समाजवादी डाव्या पक्षात झाली, मजूर पक्षात ते नंतर आले. त्यांच्या काळात ओस्लोच्या मध्यवर्ती भागातील रस्त्यांवरच्या शेकडो पार्किंगच्या जागा काढून तेथे सायकलमार्ग आणि बाके आली, ज्यावर दुकानदारांनी बरीच कुरकुर केली. (आपल्या सीताबर्डीच्या बाजारात असे करून पाहावे!) तरीही २०१९ मध्ये सत्ता टिकली; २०२३ च्या निवडणुकीनंतर मात्र ती उजव्या पक्षाच्या आइरिक ले सोलबर्ग यांच्याकडे गेली.