मदत हवी आहे : रोस्ट अडीच तास ६८ वर अडकलाय, रात्री पाहुणे

होटगीरोड (दु. ४.४०)
सकाळी ११ ला सिरॅमिकच्या कोळशाच्या ग्रिलवर रोस्ट ठेवलाय. झाकणावरचा काटा १२० अंशांवर. दोन वाजेपर्यंत मांसात खुपसलेल्या काट्यावर ६८ झालं, तेव्हापासून तो हलायचं नाव नाही. कोळसा वाढवू का? साडेआठला भावजींकडची सहा माणसं जेवायला आहेत. लवकर सांगा.

कडकभाकरी
कशाचा? किती किलो? कोणता भाग?

निखारा
काहीही बिघडलेलं नाही. मोठा तुकडा ६५-७५ च्या मध्ये असा थांबतोच. मांसातलं पाणी वर येऊन उडतं आणि आग देईल तेवढी उष्णता घेऊन जातं. घामेजल्या अंगाला वारा लागला की गार वाटतं ना, तेच. फॉइलमध्ये घट्ट गुंडाळा, ९५ ला काढा. कोळसा मात्र ओतू नका. सिरॅमिकची भिंत एकदा जास्त तापली की तास-तास उतरत नाही.

सातरस्ता_७२
कुकरला लावा की. आमच्याकडे मोठ्याचं मटण सात-आठ शिट्ट्यांत होतं. एवढा खटाटोप कशाला?

निखारा
कुकरचं त्यांनी विचारलेलं नाही.

बाभूळबन
कोळसा कोणता ते आधी सांगा. दगडी असेल तर आत्ताच बंद करा, त्यावर अन्न भाजत नाहीत. ब्रिकेट (कोळशाच्या भुकटीच्या दाबलेल्या वड्या) असतील तर राख साचून खालचं हवेचं तोंड बुजतं. मी कायम बाभळीचा वापरते. आणि रॉकेलनं पेटवला असेल तर सिरॅमिक तो वास धरून बसतं, पुढची चार जेवणं रॉकेलची.

होटगीरोड
लाकडी कोळसा आहे, रॉकेल नाही. मोठ्याचाच आहे, २ किलो. फॉइल संपलीय.

वाचक_सोलापूर
महाराष्ट्रात गोमांसाला बंदी आहे, माहीत असेलच.

होटगीरोड
म्हशीचं आहे हो. पाच वाजून गेले, कुणीतरी मुद्द्याचं बोला.

कडकभाकरी
२०१५ च्या कायद्यात गाय, वळू, बैल आहेत, म्हैस नाही. तो विषय इथंच सोडू. होटगीरोड, मघाशी विचारलं ते राहिलंच. खांदा की मांडी?

होटगीरोड
मांडी, बिनहाडाची. त्यानं काय फरक पडतो? कोरडी पडू नये म्हणून दर वीस मिनिटांनी झाकण उघडून तूप लावतोय.

कडकभाकरी
सगळा फरक तिथंच आहे. ९५ चा सल्ला खांद्याला लागू. खांद्यात चरबी आणि पांढरे पडदे असतात, ते हळूहळू विरघळून मांस मऊ करतात. मांडी म्हणजे नुसतं लाल मांस. कोरड्या आगीवर ९५ पर्यंत नेलीत तर सुंभ होईल. झाकण उघडणं थांबवा. दर वेळी उष्णता जाते आणि आत हवा शिरून कोळसा भडकतो. उघडायचंच तर आधी दोन बोटं उचलून थांबा, मग पूर्ण. एकदम उघडलं की भडका तोंडावर येतो.

निखारा
मांडी आहे हे आत्ता कळलं. मग काढा, वीस मिनिटं सोलापुरी टॉवेलात गुंडाळून ठेवा आणि रेषांना आडवे पातळ काप करा.

कडकभाकरी
कोवळ्या जनावराला ते चाललं असतं. आपल्याकडं बहुतेक म्हैस दूध आटल्यावरच जाते, मांस जून असतं. ६८ ला काप केले तर पाहुणे चावून दमतील. होटगीरोड, जाड बुडाचं पातेलं घ्या. तळाला चार कांदे उभे चिरून, लसणाचा एक गड्डा, चमचाभर काळा मसाला, पाव लिटर पाणी. वर रोस्ट. झाकणाच्या कडेला कणीक लावून बंद करा, फॉइलची गरजच नाही. त्याच ग्रिलवर ठेवा, खालची झडप थोडी उघडून १५० वर आणा. दोन तासांनी कणीक फोडा. काट्याकडं बघू नका, सुरी घाला. जोर न लावता आत गेली पाहिजे.

सातरस्ता_७२
म्हणजे कुकरच झाला की!

कडकभाकरी
सहा तासांचा धूर त्यात आधीच मुरलाय. कुकरला तो कुठून आणणार?

वाचक_सोलापूर
या भट्टीचं मूळ जपानी आहे. दुसऱ्या महायुद्धानंतर अमेरिकी सैनिकांनी ती घरी नेली. कितीला पडली?

होटगीरोड (रा. ११.२०)
पाहुणे आत्ता गेले. पावणेआठला कणीक फोडली, सुरी सरळ आत गेली. कांद्याचं घट्ट, काळपट कालवण झालं होतं, ज्वारीच्या कडक भाकरीवर ओतलं तर पातेलं पुसून खाल्लं. कडकभाकरी, मनापासून आभार. फक्त खालची बाजू दोन बोटं जळून कडू झाली होती, ती कापून टाकली. ग्रिलसोबत तीन पायांची सिरॅमिकची जाड प्लेट आली होती, ती अजून खोक्यातच आहे. ती लावायची असते का?

कडकभाकरी
तीच तर पेटता कोळसा आणि मांस यांच्यामधला आडोसा. पाय वर, त्यावर जाळी. पुढच्या वेळी खांदा आणा.

बाभूळबन
कोळसा बाभळीचाच होता का, ते राहिलं.