तेआ फॉन हार्बू यांना पटकथेचे श्रेय द्यायचे की नाही?

मूळ लेख :
तेआ फॉन हार्बू हे नाव आपल्याकडे निघते ते बेळगावच्या आयी तेंडुलकरांची जर्मन पत्नी म्हणून, आणि इतरत्र निघते ते दिग्दर्शक फ्रिट्झ लांग यांची पत्नी म्हणून. १९२१ ते १९३३ या काळातील लांग यांच्या सर्व चित्रपटांच्या लेखनात तेआ यांचा हात होता, हे मात्र क्वचितच कोणी सांगते. लांग यांच्या 'एम' (१९३१) या चित्रपटातील आई आठवा. ती जेवणाचे ताट मांडून मुलीची वाट पाहते, जिन्यात डोकावते, हाका मारते. मग रिकामा जिना, रिकामे ताट, गवतात घरंगळत आलेला चेंडू आणि तारांत अडकलेला फुगा एवढेच दिसते. मुलीचा खून दाखवलेलाच नाही. अशा लेखणीला नवऱ्याच्या नावाखाली झाकणे मला अन्यायाचे वाटते.

पहिला प्रतिसाद :
असहमत. लांग १९३३ मध्ये जर्मनी सोडून गेले, बाई मात्र तिथेच राहिल्या, नाझी पक्षाच्या सदस्य झाल्या आणि लिहीत राहिल्या. १९३७ च्या 'डेर हेर्शर'च्या पटकथेवर त्यांचे नाव आहे. त्यातला कारखानदार पोटच्या मुलांना डावलून सारा कारखाना राष्ट्राच्या हवाली करतो. म्हणजे त्यांचे राजकारण लेखनाबाहेर नव्हते, ते कथेतच उतरले होते. श्रेय द्यायचेच, तर याचेही द्यावे लागेल.

दुसरा प्रतिसाद :
कारखानदाराचा मुद्दा मान्य. पण माणूस एवढ्यावर संपत नाही. ज्या राजवटीत वंशशुद्धीचे स्तोम माजले होते, तिथे या बाईंनी आपल्याहून वयाने बऱ्याच लहान असलेल्या एका भारतीयाशी, म्हणजे तेंडुलकरांशी, गुपचूप लग्न केले. जर्मनीतील भारतीयांना मदत करता यावी म्हणून आपण पक्षात गेलो, असे त्यांनी पुढे सांगितले. युद्धानंतर ब्रिटिशांच्या छावणीत त्यांना स्थानबद्ध राहावे लागले आणि सुटल्यावर बर्लिनमधील ढिगारे उपसण्याचे कामही त्यांनी केले.

पहिला प्रतिसाद देणाऱ्याचे उत्तर :
तेंडुलकर आपल्या भागातले, म्हणून आपले मन विरघळते, आणि नेमके तिथेच आपण सावध राहायला हवे. ते खुलासे युद्ध हरल्यानंतरचे आहेत. काही भारतीयांना मदत झाली असेलही, पण त्याच पक्षाच्या सत्तेने ज्यू सहकाऱ्यांना चित्रपटसृष्टीतून हाकलले, तेव्हा बाईंचे काम थांबले नाही.

मूळ लेखकाचे उत्तर :
हा आक्षेप मी स्वीकारतो, आणि मूळ लेखात 'डेर हेर्शर'चा उल्लेख टाळला ही माझी चूक झाली. तरीही पहिला मुद्दा मी सोडत नाही. १९५४ मध्ये बर्लिनमध्ये त्यांचा 'डेर म्यूडे टोड' (१९२१) पुन्हा दाखवला गेला. चित्रगृहातून बाहेर पडताना त्या पडल्या आणि त्या दुखापतीतून सावरल्या नाहीत. १ जुलैला त्यांचे निधन झाले. तेहतीस वर्षांपूर्वी लिहिलेल्या त्या चित्रपटाची चर्चा आजही लांग यांच्याच नावाने होते, आणि बाईंच्या पक्षाच्या सदस्यत्वाशी याचा काही संबंध आहे असे मला वाटत नाही.