पेनसिल्व्हेनियाचं कॅरी परमिट आणि मधले १२ मैल मेरीलँड: सल्ला हवा

पेठेतला_पेनकर
नमस्कार मंडळी. हॅरिसबर्गजवळ राहतो, ग्रीनकार्ड आहे. दोन वर्षांपूर्वी पिस्तूल घेतलं आणि काउंटीच्या शेरीफकडून कॅरीचं लायसन्सही (पिस्तूल लपवून जवळ बाळगायचं परमिट) काढलं. २० डॉलर भरले, ५ वर्षांची चिंता मिटली. रेंज सोडून कुठे नेलेलं नाही.

ऑक्टोबरात व्हर्जिनियात शेनान्डोआला पानांचे रंग बघायला जायचं ठरतंय. केबिन आडबाजूला आहे, बायको आणि मुलगी बरोबर, म्हणून पिस्तूल न्यावं असं मनात आहे. आय-८१ हायवे धरला की नाकासमोर दक्षिणेला, असं मी समजत होतो. नकाशा मोठा करून पाहिला तर मध्ये मेरीलँडची एक चिंचोळी पट्टी, मग वेस्ट व्हर्जिनिया आणि मग व्हर्जिनिया. म्हणजे एका दिवसात चार राज्यं. पुढे दोन आठवड्यांनी एडिसनला मित्राच्या मंडळाची दिवाळी आहे, तेव्हा न्यू जर्सी.

ड्रायव्हिंग लायसन्स सगळीकडे चालतं, लग्नाचा दाखलासुद्धा चालतो, मग हे का नाही? भाचा आमच्याकडेच राहतो, एच-वन-बीवर आहे आणि लांबच्या प्रवासात बहुतेक वेळ गाडी तोच चालवतो. त्याने काही फरक पडतो का?

बंदूक असावी की नसावी यावर कृपया वेगळा धागा काढा.

ओकट्री_वहिनी
वाद घालत नाही. पण चकल्यांच्या डब्याशेजारी पिस्तूल हे पहिल्यांदाच ऐकलं!

टेक्सासचा_तात्या
एवढं काय घाबरता? आमच्याकडे १ सप्टेंबर २०२१ पासून परमिटच लागत नाही. अशी २९ राज्यं झाली आता. मी ह्यूस्टनहून पार फ्लोरिडापर्यंत गाडीने गेलोय, कुणी विचारलंसुद्धा नाही. खुशाल न्या.

कायद्याचा_किडा
तात्या, तुमच्या वाटेत लुइझियाना, मिसिसिपी, अलाबामा. त्या पट्ट्यात तुम्हाला कोण विचारणार? हाच सल्ला मनात धरून माणूस पूर्वेला न्यू जर्सीतल्या न्यूअर्कला उतरला तर आत जाईल.

पेनकर, वकील नाही मी. पण व्हर्जिनियात विंचेस्टरला सासुरवाडी असल्याने हाच रस्ता बरीच वर्षं तुडवतोय, त्यामुळे सविस्तर लिहितो.

आधी तुमचा मूळ प्रश्न. ड्रायव्हिंग लायसन्स चालतं कारण राज्यांनी ते आपापल्या कायद्यात मान्य केलंय. कॅरी परमिटचंही तसंच आहे, फक्त इथे काही राज्यांनी मान्य केलं आणि काहींनी साफ नाकारलं. सगळ्यांवर बंधनकारक असा केंद्राचा कायदा नाही. डिसेंबर २०१७ मध्ये प्रतिनिधीगृहाने तसं विधेयक २३१ विरुद्ध १९८ मतांनी मंजूर केलं होतं, ते सिनेटमध्ये अडकून मेलं. २०२५ मध्ये पुन्हा मांडलंय. आणि सुप्रीम कोर्टाच्या २०२२ च्या ब्रुएन निकालाने सगळीकडे चालतं झालं असं जे लोक सांगतात ते चूक. त्या निकालाने न्यूयॉर्कची 'खास कारण दाखवा' ही अट गेली आणि त्याच छापाच्या राज्यांना परमिट देणं भाग पडलं. दुसऱ्या राज्याचं परमिट माना, असं त्यात कुठे म्हटलेलं नाही.

आता तुमचा रस्ता. पेनसिल्व्हेनियात प्रश्न नाही. मेरीलँड कुठल्याच राज्याचं परमिट मानत नाही, आणि आय-८१ तिथे जेमतेम १२ मैल आहे. पोटोमॅक नदी ओलांडली की वेस्ट व्हर्जिनिया, २६ मैल. तिथे २०१६ पासून २१ वर्षांवरच्या माणसाला परमिटची गरज नाही आणि कायदेशीर रहिवासी असला तरी चालतो, म्हणजे ग्रीनकार्ड आड येत नाही. पुढे व्हर्जिनिया.

व्हर्जिनियाची गंमत ऐका. डिसेंबर २०१५ मध्ये तिथल्या अ‍ॅटर्नी जनरलनी एका फटक्यात २५ राज्यांची मान्यता काढून घेत असल्याचं जाहीर केलं, त्यात आपलं पेनसिल्व्हेनियाही होतं. महिनाभरात राजकीय तडजोड झाली आणि १ जुलै २०१६ पासून उलट सगळ्याच राज्यांची परमिटं मान्य झाली. मधल्या काळात ज्यांनी जुन्या यादीचा कागद गाडीत ठेवला होता त्यांचं काय, विचार करा. म्हणून माझ्यासकट कुणाच्याही प्रतिसादावर विसंबून निघू नका. आदल्या दिवशी व्हर्जिनिया स्टेट पोलिसांच्या साइटवर बघा. नकाशे रंगवणारी अ‍ॅप्स दुय्यम.

म्हणजे गाठ आहे ती १२ मैलांची. त्यासाठी १९८६ चा केंद्रीय कायदा आहे, ज्याला लोक 'सेफ पॅसेज' म्हणतात. जिथून निघालात तिथे पिस्तूल बाळगणं कायदेशीर हवं आणि जिथे पोचायचं तिथेही. मधल्या राज्यातून जाताना ते रिकामं हवं, आणि पिस्तूल व गोळ्या दोन्ही बसल्या जागेवरून हाताला लागता कामा नयेत. सेडान असेल तर डिकीत. एसयूव्हीला वेगळी डिकी नसते, तिथे कुलूपबंद पेटी. ग्लव्ह बॉक्स किंवा दोन सीटांमधला कप्पा कुलूप लावलं तरी त्यात धरत नाहीत.

मी ग्रीनकॅसलपाशी, हद्द लागायच्या आधीच थांबतो, मॅगझिन (गोळ्या भरायचा कप्पा) काढतो, नळीत गोळी राहिली नाही ना ते दोनदा बघतो, पिस्तूल एका पेटीत, गोळ्या दुसऱ्या पेटीत. मग थेट वेस्ट व्हर्जिनियातलं मार्टिन्सबर्ग. मेरीलँडमधल्या हेगर्सटाउनला जेवायला थांबत नाही. मुलं आउटलेट मॉलची पाटी बघून ओरडतात, तरी नाही. प्रवासात खंड पडला की 'मी नुसता इथून जात होतो' हे म्हणणं लंगडं होतं.

किती लंगडं? युटाचे ग्रेग रेव्हेल २००५ मध्ये विमानाने पेनसिल्व्हेनियातल्या अ‍ॅलनटाउनला निघाले होते. न्यूअर्कला पुढचं विमान चुकलं, रात्री हॉटेलात राहावं लागलं आणि पिस्तूल असलेली बॅग त्यांच्याकडे परत आली. सकाळी नियमाप्रमाणे काउंटरवर 'बॅगेत पिस्तूल आहे' असं स्वतःहून सांगितलं आणि अटक झाली. पुढे आरोप मागे घेतले गेले, पण त्यांनी केलेला दावा केंद्राच्या तिसऱ्या सर्किटच्या (विभागाच्या) अपील न्यायालयाने २०१० मध्ये फेटाळला. का, तर हॉटेलात बॅग हाताशी होती. ते न्यायालय पेनसिल्व्हेनिया आणि न्यू जर्सी दोन्हींचं आहे.

ओकट्री_वहिनी
बापरे! म्हणजे खरं बोलला म्हणून अटक?

कायद्याचा_किडा
हो, आणि एकटे तेच नाहीत. फिलाडेल्फियाच्या शनीन अ‍ॅलन. पेनसिल्व्हेनियाचं परमिट होतं, ते न्यू जर्सीत चालतं अशी समजूत. ऑक्टोबर २०१३ मध्ये न्यू जर्सीच्या अटलांटिक काउंटीत साध्या वाहतुकीच्या चुकीसाठी थांबवलं, तेव्हा त्यांनी स्वतःच पोलिसाला पिस्तूल असल्याचं सांगितलं. सक्तीच्या तुरुंगवासाचं कलम लागलं. बरीच ओरड झाली, आधी खटल्याऐवजी सुधारणा कार्यक्रमात घेतलं आणि एप्रिल २०१५ मध्ये गव्हर्नर ख्रिस्टींनी माफी दिली. प्रत्येकासाठी गव्हर्नर धावत येत नाही.

त्यामुळे एडिसनचं उत्तर एका शब्दात: नको. इस्टन संपून डेलावेअर नदी ओलांडली की तुमचं परमिट म्हणजे नुसता कागद. न्यू जर्सी कुणाचंच मानत नाही. विनापरवाना पिस्तूल जवळ सापडलं तर दुसऱ्या श्रेणीचा गुन्हा, ५ ते १० वर्षं. सेफ पॅसेजही लागू नाही, कारण तुम्ही न्यू जर्सीतून जात नाही, तिथेच पोचताय. वर १० पेक्षा जास्त गोळ्यांचं मॅगझिन हा वेगळा गुन्हा, होलो पॉइंट (पोकळ टोकाच्या) गोळ्यांची आणखी वेगळी भानगड.

टेक्सासचा_तात्या
बरं बाबा, हरलो. पण बाहेरच्या माणसाला न्यू जर्सीचं परमिट काढता येतं ना आता?

कायद्याचा_किडा
येतं. २०० डॉलर, नेमबाजीची परीक्षा, मुदत २ वर्षं. एका दिवाळीसाठी? आणि मंडळाचा कार्यक्रम कुठे असतो? हायस्कूलच्या सभागृहात! तिथे परमिट असूनही नेता येत नाही.

ता. क.: युटाचं नॉन-रेसिडेंट (तिथे न राहणाऱ्याला मिळणारं) परमिट काढा, तीसेक राज्यांत चालतं, असं कुणी ना कुणी सांगेलच. तुमच्या या दोन्ही प्रवासांत त्याचा काडीचा उपयोग नाही. मेरीलँड आणि न्यू जर्सी तेही मानत नाहीत. कोलोरॅडो, मिशिगन, फ्लोरिडा ही राज्यं परमिट देणाऱ्या राज्यातच राहणाऱ्याचं परमिट मानतात, बाहेरच्याला दिलेलं नाही.

शंकासुर
किडेसाहेबांनी शाळेचा विषय काढलाच आहे म्हणून. केंद्राच्या कायद्याने शाळेच्या आवारापासून १००० फुटांत पिस्तूल चालत नाही. परमिटवाल्यांना सूट आहे, पण परमिट *त्याच* राज्याने दिलेलं असेल तरच. म्हणजे व्हर्जिनिया तुमचं परमिट मानत असलं तरी तिथल्या गावातल्या शाळेसमोरून कमरेला भरलेलं पिस्तूल घेऊन गेलात तर कागदावर तुम्ही गुन्हेगार. रिकामं करून कुलपात असेल तर हरकत नाही. यावरून उठसूट खटले होत नाहीत, पण माहीत असावं.

शेनान्डोआ नॅशनल पार्कमध्ये २०१० पासून त्या-त्या राज्याचा नियम लागतो, पण व्हिजिटर सेंटरसारख्या केंद्राच्या इमारतींत बंदी. पार्कमधल्या स्कायलाइन ड्राइव्ह रस्त्यावर दर दोन तासांनी कुणाला तरी स्वच्छतागृह हवं असतं, तेव्हा काय करणार ते आधी ठरवा.

माणदेशी
मी इकडे साताऱ्यात. धागा वाचून करमणूक झाली. आमच्याकडे लायसन्सवरच क्षेत्र लिहिलेलं असतं, जिल्हा, राज्य किंवा अखिल भारत. अखिल भारतासाठी वडिलांनी चपला झिजवल्या. आणि निवडणूक आली की बंदूक पोलीस ठाण्यात जमा, पावती घ्या आणि घरी बसा. तुमच्याकडे चार राज्यांत चार तऱ्हा, आमच्याकडे एकच तऱ्हा पण फेऱ्या चाळीस.

कृष्णाकाठ_ते_सस्क्वेहाना
पिस्तूल, मॅगझिन सगळं झालं, भाच्याचा प्रश्न कुणी घेतलाच नाही. माझ्या मते या धाग्यातला सर्वांत नाजूक प्रश्न तोच.

एच-वन-बी, एल-वन, एफ-वन या सगळ्या नॉन-इमिग्रंट (तात्पुरत्या मुक्कामाच्या) व्हिसांवरच्या माणसाला केंद्राच्या कायद्याने बंदूक आणि गोळ्या *बाळगण्याचीच* मनाई आहे. इथे राज्याचा संबंध नाही, पेनसिल्व्हेनियातसुद्धा नाही. शिकारीचं लायसन्स असेल तर अपवाद आहे, पण तुमच्या भाच्याकडे ते नसणार. रेंजवर भाड्याची बंदूक हातात घेऊन फोटो टाकणारी आपली पोरं बघते तेव्हा पोटात गोळा येतो.

आणि बाळगणं म्हणजे फक्त हातात धरणं नव्हे. ताबा ठेवता येईल अशी परिस्थिती असली तरी पुरते. तो चालक, गाडीच्या किल्ल्या त्याच्याकडे, डिकीत तुमचं पिस्तूल. पेटीची किल्ली तुमच्या खिशात होती म्हणून वकील वाद घालेल, पण ती वेळच कशाला? पिस्तूल गाडीत असेल तर चाक तुमच्या हातात.

तुमचं स्वतःचं: तुम्ही नागरिक नाही. शस्त्राच्या गुन्ह्यात दोषी ठरलेल्या ग्रीनकार्डधारकाला देशाबाहेर काढता येतं आणि त्यात राज्याच्या कायद्याखालचा गुन्हाही मोजतात. ग्रीनकार्ड किती वर्षांचं जुनं आहे हे बघत नाहीत. शनीन अ‍ॅलनना नोकरीची आणि मुलांची काळजी होती. तुमच्या बाबतीत इमिग्रेशन कोर्टही आलं. वरचं सगळं याच चष्म्यातून पुन्हा वाचा.

पेठेतला_पेनकर
सस्क्वेहानाताई, हे मुळीच डोक्यात नव्हतं. घरात तिजोरी आहे, कोडवाली. तो कोड भाच्यालाही माहीत आहे, पासपोर्ट त्यातच असतात म्हणून.

कृष्णाकाठ_ते_सस्क्वेहाना
आजच्या आज बदला. पासपोर्ट दुसरीकडे ठेवा.

ओकट्री_वहिनी
मागची थट्टा मागे घेते. एडिसनला नुसते या, फराळ भरपूर आहे.

पेठेतला_पेनकर
सगळ्यांचे आभार. एडिसनचा प्रश्न मिटला, पिस्तूल घरीच राहील. शेनान्डोआचं बायकोपुढे मांडलं: ग्रीनकॅसलला थांबून रिकामं करायचं, १२ मैल कुठे थांबायचं नाही, पलीकडे पुन्हा भरायचं, शाळा दिसली की पुन्हा कुलपात, व्हिजिटर सेंटरला मी बाहेर गाडीत. ती म्हणाली, "आपण पानं बघायला चाललोय ना?" तेव्हा तिकडेही नेत नाही.

कोड बदलला. आधीचा लग्नाची तारीख होती. भाचा म्हणतो, मामा, निदान तो तरी तुमच्या लक्षात राहत होता.