बडग्याच्या गळ्यात चपलांचा हार घातला म्हणजे उपहास झाला का?

इतवारीकर (धागा सुरू करणारा):
उपहास काय असतो हे नागपूरच्या माणसाला वेगळं सांगावं लागत नाही. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी काळी आणि पिवळी मारबत, म्हणजे बाईच्या रूपातले मोठे पुतळे, मिरवणुकीत निघतात, सोबत बडगे, म्हणजे पुरुषाच्या रूपातले पुतळे, असतात. वर्षभर ज्यानं लोकांना छळलं त्याचा पुतळा करायचा, मिरवायचा आणि जाळायचा, ही रीत इथे 1880 च्या दशकापासून चालत आली आहे. पण अलीकडचे बरेच बडगे पाहिले की वाईट वाटतं. बांबू-कागदाचा पुतळा, गळ्यात चपलांचा हार, छातीवर फलक आणि फलकावर नाव नि शिवी. हा निषेध आहे. तोही हवाच, पण त्याला उपहास म्हणू नये.

उपहास करणारा समोरच्याचं सोंग घेतो. त्याच्याच तोंडून बोलतो, त्याचंच म्हणणं शेवटपर्यंत रेटतो आणि ते कुठे जाऊन आदळतं ते ऐकणाऱ्याला आपोआप दिसतं. शिवी देणारा मात्र बाहेरच उभा राहतो.

एकनाथांचं भारूड घ्या. 'सत्वर पाव गे मला, भवानी आई रोडगा वाहीन तुला.' ही नवस बोलणारी बाई मागते काय? सासरा गावी गेलाय, त्याला तिकडेच खपव. सासू जाच करते, तिला लवकर निर्दाळ. मग जाऊ, मग नणंदेचं पोर, आणि शेवटी दादलासुद्धा. एवढ्या सगळ्यांच्या बदल्यात देवीला मिळणार एक रोडगा! 'नवस करू नका' असं एकनाथ एकदाही म्हणत नाहीत. मागण्या वाढत जातात आणि देवाशी चाललेला सौदा उघडा पडतो.

श्रीपाद कृष्ण कोल्हटकर तर आपल्याच नागपुरात जन्मले, 1871 साली. 'सुदाम्याचे पोहे' (1910) या विनोदी लेखसंग्रहात ते रूढींवर थेट तुटून पडत नाहीत. त्यांची पात्रं रूढींची मनापासून बाजू घेतात आणि ती बाजूच कोसळते. 'चोरांचे संमेलन'मध्ये चोर रीतसर सभा भरवतात, भाषणं करतात. सभा-संमेलनांचा सगळा थाट त्यांच्या तोंडी ऐकला की वेगळी टीका करावी लागत नाही.

महालवाला:
भाऊ, हे सारं पुस्तकातलं झालं. मिरवणुकीत बडग्या डोळ्यासमोरून दोन मिनिटांत निघून जाते. ढोल-ताशे वाजून राहिले, पोरं ओरडून राहिली, तिथं कोणाचं सोंग आन् कोणाची बाजू कोण ऐकन? फलक वाचला, हसला, पुढं गेला. ज्या माणसापाशी ना पेपर आहे ना वकील, त्याले वर्षातून एक दिवस मोठ्या माणसाचं नाव घेऊन बोलता येते. त्याच्यापाशी तुम्ही कारागिरी मागता काऊन?

इतवारीकर:
कारण ती त्याच्यापाशीच होती. आपल्याकडची खडी गंमत, म्हणजे विदर्भातलं लोकनाट्य, कोणी पंडितांनी उभी केली नाही. गावातल्या शाहिरांनी आणि शेतमजुरांनी केली. तिथे सावकार यायचा तो सावकारासारखा बोलायचा, म्हणून लोक त्याला ओळखायचे. गर्दी आहे म्हणून शिवीवर भागवायचं हे मला पटत नाही. गर्दीला सोंग शिवीपेक्षा लवकर कळतं.

वाचनवेडी, धरमपेठ:
सोंग की शिवी, यापेक्षा मला दुसरा प्रश्न महत्त्वाचा वाटतो. पुतळा कोणाचा? काळ्या मारबतीचा संबंध लोक नागपूरच्या भोसले घराण्यातल्या राणी बांकाबाई यांच्याशी लावतात. त्यांनी इंग्रजांना साथ दिली म्हणून हा राग, असं सांगतात. 1857 मध्ये त्यांनी इंग्रजांची बाजू धरली हे खरंच आहे. पण क्रम बघा. 1853 च्या डिसेंबरात नागपूरचे राजे तिसरे रघुजी वारले, 1854 मध्ये डलहौसीनं राज्य खालसा केलं, वाड्यातले दागदागिने लिलावात गेले. राज्य गिळलं कोणी? आणि रस्त्यावर दरवर्षी निघतं कोण? वैधव्यात, राज्य गेलेल्या घरात उरलेली एक म्हातारी बाई! ज्याच्यापर्यंत हात पोचत नाही त्याला सोडून, ज्याच्यापर्यंत पोचतो त्याला झोडपलं, तर सोंग कितीही सुंदर वठलं तरी मी त्याला दाद देणार नाही.

महालवाला:
ताई, त्या काळात डलहौसीचा पुतळा कोण काढणार होतं? राजद्रोहाचं 124-अ कलम 1870 पासून कायद्यात होतं. सरकारले थेट बोलला का गेला आत. बाईचं नाव घेतलं, पण सरकारचा पक्ष धरणाराचे काय हाल होतात ते साऱ्या शहरानं पाहिलं. आडून बोलणं त्यालेच म्हणतात.

वाचनवेडी, धरमपेठ:
आडून बोलणं समजू शकते, भाऊ. पण इंग्रज 1947 मध्ये गेले. त्यानंतर आड कशाची होती? पुतळा तोच राहिला.

उत्तर नागपूर:
इतवारीकर, तुमच्या भारुडावरच माझा आक्षेप आहे. कीर्तनकार सांगतात की सासरा म्हणजे अहंकार, सासू म्हणजे कल्पना वगैरे. पण मांडवात लोक हसतात ते सासू-सुनांच्या भांडणाला. 'जाऊ माझी फडफड बोलती, बोडकी कर गं तिला' या ओळीला सगळ्यात मोठा हशा येतो. तो हशा नवसावरचा नसतो. केस काढलेल्या विधवेवरचा असतो.

म्हणून सोंग कोण घेतो हे मी आधी बघतो. आमच्या नागपूर भागातले किसन फागू बनसोडे (1879-1946) यांनी तमाशाचाच बाज घेऊन सनातनी धर्मावर लिहिलं. सत्यशोधकी जलशात, म्हणजे गाणी-सोंगांतून प्रबोधन करणाऱ्या खेळात, आणि पुढे आंबेडकरी जलशात, ज्यांना जातीनं खालचं ठरवलं तीच माणसं भटजी होऊन रंगमंचावर आली. तिथे हसणाऱ्याला कोणावर हसायचं याची शंकाच नव्हती, कारण सोंग घेणाऱ्यानं ते सोसलं होतं.

इतवारीकर:
'बोडकी कर' या ओळीचं तुम्ही म्हणता ते मान्य, तो हशा मीही ऐकलाय आणि तो खुपतो. पण भारूड तिथे संपत नाही. 'एका जनार्दनी सगळेचि जाऊं दे, एकलीच राहूं दे मला.' इथे हशा थांबायला हवा. थांबत नाही, कारण हल्ली गाणारे सासू-जावेच्या ओळी दोन-दोनदा घोळवतात आणि शेवट घाईत उरकतात. दोष गाणाऱ्याचा आहे, रचनेचा नाही. सोसलेल्यानंच सोंग घ्यावं हेही मला पटत नाही. मग कोल्हटकर रूढींवर लिहिणार कसे? ते त्याच उंबऱ्याच्या आतले होते.

उत्तर नागपूर:
आतल्यानं आतल्यांवर लिहिलं, ते चालतंच. मी बोलतोय ते वरून खाली हसणाऱ्याबद्दल.

महालवाला:
वाद लय झाला. इतवारीकर भाऊ, आता तुम्हीच लिहून द्या. आमच्या गल्लीतले पोरं पुढच्या वर्षी रस्त्याच्या खड्ड्यांवर बडग्या काढून राहिले. फलकावर शिवी नाही टाकत. कंत्राटदाराच्या तोंडचं काहीतरी द्या, भोंग्यावरून म्हणता येईल असं. छोटं पाहिजे.

इतवारीकर:
आनंदानं. हे बघा जमतंय का. बडग्या मारबतीपुढे हात जोडून म्हणतो:

'मारबतमाय, रोगराई घेऊन जा, महागाई घेऊन जा, पण खड्डे ठेवून जा वं माय. खड्डे आहेत त निविदा आहे, निविदा आहे त घर आहे. पावसाळा दोनदा पाड, रस्ता दोनदा वाहू दे, तुले नारळ वाहीन मले पावलीस त.'

महालवाला:
हे चालते! पोरं पाठ करतीन.

वाचनवेडी, धरमपेठ:
छान उतरलंय, पण माझा प्रश्न तसाच आहे. कंत्राटदाराच्या बिलावर सही कोण करतं? हात जोडणारा बडग्या त्याचा करा. एवढं धाडस तुमच्या गल्लीत आहे का, महालवाले भाऊ?