शब्दचर्चा : ‘सीझर झालं’मधला सीझर कोण?

धाकट्या बहिणीला परवा मुलगी झाली. दवाखान्याच्या बाकावर बसून मी एकेकाला फोन लावत होते. ‘हो हो, सीझर झालं, दोघी छान आहेत.’ शेजारी माझा सातवीतला मुलगा. चौथ्या फोननंतर त्याने विचारलं, ‘आई, मावशीचं सीझर झालं म्हणजे काय? तो रोमचा राजा होता ना?’ मी म्हटलं, तो राजा तसाच जन्मला म्हणून. वेळ मारून नेली खरी, पण हे खरं आहे का ते मलाच माहीत नाही. त्यात आता त्याचं थांबत नाही. ज्युलियस हे नाव की आडनाव? ऑगस्टस सीझर त्याचा कोण? जर्मनीचा कैसर आणि हा सीझर एकच का? जाणकारांनी सांगावं, म्हणजे माझी सुटका होईल.

प्रतिसाद १

ताई, बाळ-बाळंतिणीला शुभेच्छा. तुम्ही दिलेलं उत्तर बहुतेक सगळेच देतात, आणि ते टिकत नाही. ज्युलियस सीझर जन्मला इ.स.पू. १०० मध्ये. त्याची आई ऑरेलिया वारली इ.स.पू. ५४ मध्ये, मुलगा गॉलच्या (म्हणजे साधारण आजच्या फ्रान्सच्या) मोहिमेवर असताना. त्या काळी आईचं पोट कापायचं ते आई गेल्यावर, निदान मूल तरी हाती लागावं म्हणून. पोट कापलेली बाई पुढे पंचेचाळीस वर्षं जगली, हे होणं नाही. (तो राजाही नव्हता. राजा व्हायला निघालाय या संशयावरूनच त्याला भोसकला.)

पण गोष्ट अगदी हवेतून आलेली नाही. थोरला प्लिनी या रोमन लेखकाने लिहून ठेवलंय की या घराण्यातला पहिला काएसर आईचं पोट कापून काढलेला, म्हणून त्याला ते नाव पडलं. लॅटिनमध्ये ‘काएदेरे’ म्हणजे कापणं आणि ‘काएसुस’ म्हणजे कापलेला. प्लिनीचं ऐकायचं तर माणसावरून शस्त्रक्रियेला नाव मिळालेलं नाही, शस्त्रक्रियेवरून माणसाला मिळालंय. तेही आपल्या सीझरला नव्हे, त्याच्या कुण्या पूर्वजाला. तुमच्या बहिणीचं जे झालं ते सीझरपेक्षा जुनं आहे.

खुद्द रोमन लोकांचंही यावर एकमत नव्हतं. कुणी म्हणे ‘काएसारिएस’ म्हणजे दाट केस, त्यावरून. कुणी म्हणे घाऱ्या डोळ्यांवरून. आणखी एक मत असं की पूर्वजाने लढाईत हत्ती मारला आणि आफ्रिकेतल्या एका बोलीत हत्तीला तसा शब्द होता. सीझरच्या एका नाण्यावर हत्ती आहे आणि खाली ‘काएसर’ एवढंच कोरलंय. मला केसांची व्युत्पत्ती आवडते, कारण आपल्या सीझरला टक्कल होतं. मागचे केस पुढे ओढून तो ते झाकायचा. विजयाचा पर्णमुकुट कायम घालायचा मान मिळाला तेव्हा त्याला त्याचाच सर्वांत आनंद झाला, असं त्याचा चरित्रकार सुएतोनियस सांगतो. नाव सोनुबाई, हाती कथलाचा वाळा.

आता नाव की आडनाव. पूर्ण नाव गायुस यूलियुस काएसर. गायुस हे हाक मारायचं. अशी नावं वापरात जेमतेम दीड डझन, त्यामुळे गल्लीत दहा गायुस. यूलियुस हे कुळाचं. काएसर हे त्या कुळातल्या एका शाखेला मागाहून चिकटलेलं. आपल्याकडे घोरपड लावून गड चढल्याची कथा सांगतात ना, मूळचे भोसले आणि त्या पराक्रमावरून घोरपडे? तसं. म्हणजे ‘ज्युलियस’ म्हणून त्याला घरात कुणी हाक मारली नसणार. कूळच ते.

ऑगस्टस हा त्याच्या बहिणीचा नातू. मूळचा गायुस ओक्तावियुस. मृत्युपत्रातून दत्तक गेला आणि गायुस यूलियुस काएसर झाला. दत्तक गेलेल्याने जुन्या कुळाची खूण ‘-आनुस’ लावून ठेवायची रीत होती, म्हणून इतिहासात तो ओक्ताव्हियन. इ.स.पू. २७ मध्ये सिनेटने त्याला ‘औगुस्तुस’ ही पदवी दिली. बारा महिन्यांच्या यादीत आजोबा-नातू शेजारी शेजारी बसलेत, जुलै आणि ऑगस्ट.

प्रतिसाद २

ही नावं आपल्याला भारदस्त का वाटतात, तर अर्थ कळत नाहीत म्हणून. सिसेरो घ्या. एवढा मोठा वक्ता, संगमरवरी पुतळा. पण ‘किकेर’ म्हणजे हरभरा. घराण्यात कुणाच्या तरी नाकाच्या शेंड्याला हरभऱ्यासारखी खाच होती, असं ग्रीक चरित्रकार प्लुटार्क लिहितो. प्लिनी म्हणतो, हरभरा चांगला पिकवायचे म्हणून. आमच्या आळीत भोपळे, पडवळ, कांदे, मुळे सगळे आहेत. सिसेरोला त्यांच्या पंक्तीत बसवा, बिचारा खूश होईल.

लेंतुलुस म्हणजे मसुरे. ‘लेन्स’ हा लॅटिनमध्ये मसूर. भिंगाचा आकार मसुरीच्या दाण्यासारखा, म्हणून भिंगाला तो शब्द गेला. म्हणजे आमची मुलगी रोज सकाळी डोळ्यांत मसूर घालून कॉलेजला जाते! फाबियुस म्हणजे पावटे समजा. पिसो म्हणजे वाटाणे.

आणि अंगातल्या खोडीवरून तर विचारूच नका. नासो म्हणजे नाकाड्या (हा कवी ओव्हिड). क्रास्सुस म्हणजे जाड्या. स्त्राबो म्हणजे तिरळा. ब्रुतुस म्हणजे चक्क ठोंब्या. रोमला पहिला पक्का हमरस्ता बांधून दिला, इ.स.पू. ३१२ मध्ये, तो आप्पियुस क्लाउदियुस काएकुस. काएकुस म्हणजे आंधळा, म्हातारपणी त्याची दृष्टी गेली होती. आपल्याकडेही आंधळे, लंगडे, टकले, बोबडे अशी आडनावं अभिमानाने लावणारी घराणी आहेतच की. सिसेरोला मित्र म्हणाले होते, राजकारणात चाललास तर हे नाव तेवढं बदल. त्याचं उत्तर होतं की हरभऱ्याला मी मोठ्या मोठ्या घराण्यांच्या वर नेऊन बसवीन. नेलं.

प्रतिसाद ३

बायकांचं कुणीच लिहिलं नाही म्हणून लिहिते. यूलियुस कुळात मुलगी झाली की ती यूलिया. दुसरी झाली तरी यूलियाच. सीझरच्या दोन्ही बहिणी यूलिया, आत्या यूलिया आणि मुलगीही यूलिया. ओळखायचं कसं, तर थोरली आणि धाकटी. जास्त झाल्या तर तेर्तिया, म्हणजे तिसरी. नाव कसलं, हजेरीचा नंबर!

एक गोष्ट मात्र उलटी आहे. लग्न झाल्यावर तिचं नाव बदलत नसे. सिसेरोच्या तुल्लियाची लग्नं तीन झाली, नाव तुल्लियाच. माझ्या लग्नात ताटातल्या तांदळावर अंगठीने नवं नाव कोरलं होतं. गॅस कनेक्शन एका नावाचं आणि दहावीचं सर्टिफिकेट दुसऱ्या, यात माझी दोन वर्षं गेली.

प्रतिसाद ४

मी शेतकरी माणूस, लॅटिन येत नाही. पण रोमन लोकांचा तांबेऱ्याचा देव होता असं मागे वाचलं होतं, ते खरं का? आमच्याकडे गव्हावर तांबेरा आला की देव आठवतात, पण खास तांबेऱ्याचा कुणी नाही.

प्रतिसाद ५ (पहिल्या प्रतिसादकाकडून)

दादा, अगदी खरं. त्याचं नाव रोबिगुस. ‘रोबिगो’ म्हणजे गव्हावरचा तांबेरा आणि लोखंडावरचा गंजही. लॅटिनला दोन्हींना एकच शब्द पुरला, आपण दोन केले. शब्दाच्या मुळाशी तांबडा रंगच आहे, जसं आपल्या तांबेऱ्यात तांबं. २५ एप्रिलला त्याचा सण असे, रोमबाहेर त्याच्या राईत जाऊन कुत्र्याचा बळी द्यायचे. पीक दाण्यात यायच्या सुमाराला. हा देव काही द्यायचा नाही, फक्त येऊ नये म्हणून त्याची पूजा. पटकीसाठी मरीआई, देवीच्या रोगासाठी शीतळा, त्यातलाच प्रकार. तापाची तर तिथे ‘फेब्रिस’ नावाची देवी होती, पालातीन टेकडीवर तिचं देऊळ होतं.

रोमन देवांच्या नावांत मला हेच सर्वांत आवडतं, की पुष्कळदा नाव म्हणजे त्या वस्तूचंच नाव. दाराला तीन देव होते. फळ्यांचा फोर्कुलुस, बिजागरीची कार्देआ, उंबरठ्याचा लिमेंतिनुस. पुढे संत ऑगस्टीनने टर उडवली की माणूस दाराला एकच राखणदार ठेवतो, यांना तीन लागतात. टर ठीक आहे, पण उंबरठ्याला हळदकुंकू वाहिलेल्या घरात वाढलेल्या माणसाला लिमेंतिनुस काही परका वाटत नाही.

मोठ्या देवांत ज्युपिटर आपल्या नात्यातला आहे. यूप्पितेर, मागचं रूप ‘द्येउस पतेर’सारखं, आणि ऋग्वेदात ‘द्यौष्पिता’. आकाशबाप. हे नातं भाषाशास्त्राने पक्कं केलेलं आहे. ‘केसरी’ आणि सीझर यांचं तसं नाही. टिळकांचा केसरी म्हणजे सिंह, आयाळीचा. आवाज जुळला म्हणून सोयरीक जुळवू नये. (‘काएसारिएस’ आणि ‘केसर’ ही जोडी मात्र काही विद्वानांनी लावून पाहिली आहे. ती त्यांच्यावर सोडू.)

वारही बघा. त्यांचा मंगळवार मार्स देवाचा, बुधवार मेर्कुरियुसचा, गुरुवार यूप्पितेरचा, शुक्रवार वेनुसचा. ओळीने तेच ग्रह. सात वारांची ही साखळी आपल्याकडे इसवी सनाच्या सुरुवातीच्या शतकांत पश्चिमेकडून आलेल्या ज्योतिषाबरोबर रुजली. मध्य प्रदेशातल्या एरणच्या स्तंभलेखात, इ.स. ४८४ चा तो, गुरुवारचा उल्लेख आहे.

आणखी एक, मग थांबतो. यूनो देवीचं एक नाव मोनेता. तिच्या देवळाशी रोमची टांकसाळ होती, म्हणून नाण्याला ‘मोनेता’, त्यावरून फ्रेंचमार्गे इंग्रजीत ‘मनी’. आजीला दर महिन्याला यायची ती मनीऑर्डर म्हणजे अर्धी यूनोची कृपा. याउलट नाश्त्याचं ‘सीरियल’ धान्याच्या केरेस देवीचं, पण टीव्हीवरच्या सीरियलशी तिचा काडीचा संबंध नाही. तिला उगाच बोल लावू नये.

प्रतिसाद ६

गावांच्या नावांबद्दल थोडं. आपण नारळ ‘फोडत’ नाही, ‘वाढवतो’. निघताना ‘जातो’ म्हणत नाही, ‘येतो’ म्हणतो. हा धाक रोमन लोकांनाही होता. दक्षिण इटलीत मालेवेंतुम नावाचं गाव होतं. लॅटिन कानाला त्यात ‘माले’ म्हणजे वाईट ऐकू यायचं, वाईट आगमन. इ.स.पू. २६८ मध्ये तिथे वसाहत केली तेव्हा त्यांनी नाव फिरवून बेनेवेंतुम केलं, म्हणजे शुभ आगमन. आजचं बेनेव्हेंतो. आड्रियाटिकच्या पलीकडे एपिदाम्नुस बंदर होतं. ‘दाम्नुम’ म्हणजे नुकसान, आणि नुकसानीच्या गावी माल कोण उतरवणार? मग दुसरं नाव रूढ केलं, दिर्राखियुम.

उलट स्पेनमध्ये कैसर-औगुस्ता हे भरभक्कम नाव दिलं. अरबांच्या तोंडी ते सरकुस्ता झालं, आज सारागोसा. दोन सम्राटी शब्द झिजून झिजून चार अक्षरांत बसले.

कुणी विचारायच्या आत सांगतो, की कल्याणचं ‘कल्लिएना’, सोपाऱ्याचं ‘सूप्पारा’, तेरचं ‘तगर’ ही नावं ‘पेरिप्लस’मधली आहेत. तो ग्रंथ पहिल्या शतकातला आणि ग्रीक भाषेतला, इजिप्तकडून आलेल्या व्यापाऱ्याचा. माल रोमन, पण बोली ग्रीक. त्यांना ‘रोमन नावं’ म्हणू नये.

प्रतिसाद ७

मग सरळ काएसर, किकेरो, औगुस्तुसच का लिहीत नाही? सीझर, सिसेरो ही इंग्रजांची उसनवारी कशाला?

प्रतिसाद ८ (पहिल्या प्रतिसादकाकडून)

तत्त्व म्हणून बरोबर. लॅटिनचा क कायम क, आणि त-द आपल्यासारखे दंत्य. ‘ऑगस्टस’मधला ट इंग्रजीची सवय. पण ‘सीझर झालं’ असं लाखो घरांत म्हणतात. ते ‘काएसर झालं’ करायला निघालात तर दवाखान्यातून हाकलतील. रुळलं ते राहू द्यावं, नव्याने आणाल ते मुळाला धरून लिहावं, एवढंच मी पाळतो.

ताई, तुमच्या मुलाचा कैसरचा प्रश्न राहिला. होय, शब्द एकच. जर्मनांनी क राखला म्हणून कैसर. ग्रीकमधून पूर्वेला गेला आणि अरबी-फारसीत कैसर. १८७७ च्या दिल्ली दरबारात व्हिक्टोरियासाठी पुकारलेला किताब ‘कैसर-ए-हिंद’ तो या वाटेचा. अटकेजवळच्या आरा इथल्या खरोष्ठी लिपीतल्या लेखात कनिष्काच्या पदव्यांमध्ये ‘कइसरस’ वाचतात. इंग्रजीतला सीझर यायच्या कितीतरी आधी कैसर आपल्या दाराशी येऊन गेला होता.

मूळ प्रश्नकर्ती

सगळ्यांचे आभार. प्रतिसाद मुलाला वाचून दाखवले. त्याला आजोबांचं टक्कल आणि सीझरचं टक्कल एवढंच लक्षात राहिलंय, आणि हरभरा. रविवारी बारसं आहे. घुगऱ्यांसाठी आईने मोठ्या पातेल्यात हरभरे भिजत घातलेत. हा मघापासून त्यात हात घालून एकेक दाणा वर काढतोय, शेंड्याची खाच बघतोय आणि ओरडतोय, ‘आजी, हा बघ सिसेरो!’ आईला वाटतंय पातेल्यात किडा निघाला.